हा-गो की ची-हा? नगरच्या संग्रहालयातला जपानी रणगाडा आणि १/३५ मॉडेलबद्दल काही शंका

पट्टेदार_नगरी
मंडळी, नगरच्या (आता अहिल्यानगर) रणगाडा संग्रहालयातल्या जपानी रणगाड्याचे फोटो नेटवर बरेच सापडतात. पण फोटोखाली कुणी "हा-गो" लिहितं, कुणी "ची-हा". मला १/३५ चं (खऱ्या गाडीच्या पस्तिसाव्या हिश्श्याएवढं) मॉडेल करायचं आहे, दुसऱ्या महायुद्धातल्या मणिपूरच्या इंफाळ लढाईची (१९४४) पार्श्वभूमी घेऊन. शंका अशा:

एक, लांबूनच्या फोटोवरून हे दोन रणगाडे ओळखायचे कसे? दोन, हा-गोचं चिलखत फक्त १२ मिमी होतं असं वाचलं, ते खरं का? आणि खरं असेल तर असला पत्र्याचा डबा बनवला कशासाठी? तीन, इंफाळसाठी मॉडेल करताना लोक कुठे चुकतात? रंगाबद्दलही सांगा.

बेलक्रँक
ओळखायला चाकं मोजा, दुसरं काही बघायची गरज नाही. जमिनीला टेकणारी मोठी चाकं एका बाजूला ४ आणि पट्टा वरून तोलणारे छोटे रोलर २, तर हा-गो (टाइप ९५). मोठी चाकं ६ आणि रोलर ३, तर ची-हा (टाइप ९७). खालची चाकं गवतात झाकली गेली असतील तर बुरूज बघा. हा-गोचा बुरूज गाडीच्या मध्यरेषेपासून डावीकडे सरकलेला असतो, ची-हाचा उजवीकडे. डावं-उजवं चालकाच्या बाजूने धरायचं, फोटो काढणाऱ्याच्या नव्हे. सुरुवातीच्या ची-हाच्या बुरुजाभोवती घोड्याच्या नालेच्या आकाराची नळीची कड दिसते, ती रेडिओची अँटेना. हा-गोवर ती नसते, कारण बहुतेक हा-गोंमध्ये रेडिओच नव्हता. हुकूम झेंड्यांनी द्यायचे.

तोफेच्या नळीवरून ओळखायला जाल तर फसाल. ची-हाची मूळची ५७ मिमी तोफ आखूड आणि जाड. पुढे १९४२ पासून 'शिन्होतो' म्हणजे नवा बुरूज आला, त्यात लांब नळीची ४७ मिमी तोफ. म्हणजे एकाच सांगाड्यावर दोन वेगळे चेहरे. चाकं मात्र सहाच राहिली.

टाइपचा आकडा जपानी शाही सनावरून येतो. २५९५ चे शेवटचे दोन आकडे ९५, म्हणजे आपलं १९३५. २५९७ म्हणजे १९३७.

तोफखाना_३७
"पत्र्याचा डबा" हे विशेषण सगळे वापरतात, पण १९४४ च्या चष्म्यातून. १९३५-३६ च्या सुमारास शेजारीपाजारी काय होतं ते बघा. जर्मनांचा पँझर १: चिलखत १३ मिमी, तोफ नाही, दोन मशीनगन. ब्रिटिशांचा व्हिकर्स लाइट मार्क ६: १४ मिमी, त्यालाही तोफ नाही. रशियन टी-२६ ला ४५ मिमीची चांगली तोफ होती, पण चिलखत १५ मिमीच. या रांगेत ७.४ टनांचा, ३७ मिमी तोफेचा आणि ताशी ४० किमी पळणारा हा-गो मुळीच लाजिरवाणा नाही.

तो कशासाठी बनवला याचं उत्तर त्या वेगातच आहे. आधीचा टाइप ८९ रणगाडा ताशी २५ किमीच जायचा. ट्रकमधून जाणारं पायदळ पुढे आणि रणगाडे मागे, अशी गत व्हायची. म्हणून १९३३ साली मागणी आली ती ट्रकबरोबर पळणाऱ्या, सातेक टनांच्या रणगाड्याची. चाचण्यांनंतर घोडदळ खूश होतं, पायदळाने मात्र १२ मिमी कमी पडेल अशी तक्रार तेव्हाच केली होती. तक्रार रास्त होती. साध्या रायफलची गोळी १२ मिमी अडवतं, पण अर्धा इंची मशीनगन जवळून ते भेदते.

वजन कमी ठेवण्यामागे जहाजाचाही हिशेब होता. १४ मीटरच्या दाइहात्सु उतरणनौकेत एक हा-गो बसतो. बेटाबेटांवर सैन्य उतरवणाऱ्या देशाला हे फार महत्त्वाचं. सगळे मिळून सुमारे २३०० हा-गो बनले, उत्पादन १९४३ पर्यंत चालू राहिलं. खरी चूक तिथे आहे. १९३५ चं यंत्र १९३५ साली ठीक होतं, ते १९४४ मध्ये आघाडीवर पाठवायला नको होतं.

बेलक्रँक
इंजिनाबद्दल लिहायचं राहिलं. मित्सुबिशीचं ६ सिलिंडरचं, हवेने थंड होणारं डिझेल, १२० अश्वशक्ती. म्हणजे टनामागे १६ अश्वशक्ती. ची-हाचं व्ही-१२ १७० अश्वशक्तीचं, पण गाडी १५ टनांची, म्हणून टनामागे जेमतेम ११. हवेने थंड होणारं इंजिन घेतलं ते मांचुरियासाठी (ईशान्य चीन). तिथल्या थंडीत रेडिएटरचं पाणी गोठतं आणि उन्हाळ्यात पाणीच मिळत नाही. डिझेल पेट्रोलसारखं झटकन पेटत नाही हा आणखी एक फायदा.

सस्पेन्शन हा माझ्या मते या गाडीतला सगळ्यात हुशार भाग. हारा तोमिओ या अभियंत्याची ही रचना. एका बाजूच्या चार चाकांच्या दोन जोड्या. प्रत्येक जोडी एका कोनाकृती दांड्याला (बेल क्रँक) टांगलेली. दोन्ही दांड्यांची वरची टोकं गाडीच्या कुशीला आडव्या बसवलेल्या एका लांब स्प्रिंगला जोडलेली, आणि ती स्प्रिंग नळीत झाकलेली. पुढची जोडी दगडावर चढली की दांडा फिरतो, स्प्रिंग दाबली जाते आणि तो भार मागच्या जोडीलाही वाटला जातो. सुटे भाग कमी, दुरुस्ती सोपी, वजन कमी. तोटा असा की वेगात गाडी पुढे-मागे डुलते, आणि चालत्या गाडीतून नेम धरायची आशाच सोडायची.

मांचुरियात एक मजेशीर अडचण आली. तिथल्या काओलियांग ज्वारीच्या शेतातल्या सऱ्यांचं अंतर आणि चाकांच्या जोडीतलं अंतर नेमकं जुळलं. चाकं सरीत घुसायची आणि गाडी गचके खात चालायची. उपाय म्हणून तिथल्या गाड्यांना जोडीतल्या दोन मोठ्या चाकांच्या मधे एक छोटं चाक बसवलं. मॉडेलच्या काही किटमध्ये हेच मांचुरियाचं सस्पेन्शन येतं. इंफाळसाठी ते वापरू नका. किट घेण्याआधी डब्यावरचं चित्र बघून मोठ्या चाकांच्या मधे तिसरं छोटं चाक नाही ना, एवढी खात्री करा.

सरावगोळा
चिलखताच्या जाडीपेक्षा मोठी अडचण बुरुजात होती, त्यावर कुणी बोललं नाही. हा-गोत माणसं तीन. चालक पुढे उजवीकडे, मशीनगनवाला पुढे डावीकडे, आणि बुरुजात एकटा कमांडर. आता त्या एकट्याची कामं मोजा. फटीतून बाहेर बघायचं (फटीला जाड काच नाही, नुसती फट, त्यामुळे गोळीचे कण आत उडतात). शत्रू दिसला की चालकाला कुठे वळायचं ते सांगायचं. गोळा उचलून तोफेत भरायचा. बुरूज फिरवायचा. तोफेच्या खांदापट्टीला खांदा लावून नळी वर-खाली करत नेम धरायचा. झाडायचं. तो गोळा कुठे पडला ते बघायचं आणि पुन्हा पहिल्यापासून.

यात भर म्हणजे बुरुजातली मशीनगन तोफेच्या शेजारी नसून बुरुजाच्या पाठीत, उजवीकडे कोपऱ्यात. समोर पायदळ दिसलं आणि मशीनगन हवी असेल तर बुरूज जवळजवळ पूर्ण उलटा फिरवावा लागतो, म्हणजे तोफ मागे जाते. ही टाइप ९७ मशीनगन ७.७ मिमीची, वरून बसणाऱ्या २० गोळ्यांच्या मॅगझिनची. तेही कमांडरनेच बदलायचं. तो तोफ चालवत असेल तोवर गाडीचं नेतृत्व कुणीच करत नसतं, आणि त्याच्या हाताखाली इतर रणगाडे असतील तर त्यांचंही. ची-हात चार माणसं होती, बुरुजात दोन. शिवाय चालकाला इशारा द्यायला बारा बटणं आणि त्याच्यासमोर बारा दिवे. फरक तिथे पडतो.

दारूगोळ्याचाही घोळ होता. ३७ मिमीची टाइप ९४ नावाची रणगाडा-तोफ आणि टाइप ९४ नावाचीच पायदळाची रणगाडाविरोधी तोफ, या दोन वेगळ्या. रणगाड्यातल्या तोफेचं काडतूस आखूड, दारू कमी. एकीचा गोळा दुसरीत चालत नाही. नंतरच्या हा-गोत टाइप ९८ तोफ आली, ती लांब काडतुसाची. म्हणजे एकाच तुकडीत दोन हा-गो शेजारी उभे असतील तरी एकमेकांना गोळे देता येतीलच असं नाही.

तोफखाना_३७
बरोबर. आणि तरीही सुरुवातीला ही गाडी चालून गेली. २२ डिसेंबर १९४१ ला फिलिपिन्समध्ये दामोर्तिसजवळ हा-गोंनी अमेरिकन स्टुअर्ट रणगाड्यांना मागे रेटलं. अमेरिकन रणगाड्यांची या महायुद्धातली ती पहिली रणगाडा-लढत. ७ जानेवारी १९४२ ला मलायात स्लिम नदीवर रात्रीच्या हल्ल्यात ११ व्या भारतीय डिव्हिजनची फळी फुटली, तिथे प्रामुख्याने ची-हा होते. रस्त्यावर रणगाडाविरोधी तोफा नीट मांडलेल्या नव्हत्या, पूल वेळेत उडवले गेले नाहीत.

तोफा नीट मांडल्या की काय होतं ते अकराच दिवसांनी, १८ जानेवारीला मलायातल्याच बाक्रीला दिसलं. ऑस्ट्रेलियन २-पाउंडर तोफांनी नऊ हा-गो तिथेच संपवले. चिलखतभेदी गोळे एका बाजूने शिरून दुसऱ्या बाजूने बाहेर पडू लागले, म्हणून तोफचींनी स्फोटक गोळे वापरले. १२ मिमीचा अर्थ समजायला एवढं उदाहरण पुरे.

इंफाळला १४ वी जपानी टँक रेजिमेंट होती. २० मार्च १९४४ ला ब्रह्मदेशातल्या तामूकडून येणाऱ्या रस्त्यावर सहा हा-गो आणि थर्ड कॅरबिनियर्स या ब्रिटिश रेजिमेंटचे सहा अमेरिकन बनावटीचे ली रणगाडे समोरासमोर आले. ली २७ टनांचा, समोर ५१ मिमी चिलखत, ७५ मिमीची तोफ. हा-गोंचा निकाल लगेच लागला. तुमच्या देखाव्यात हा-गो ली-ला तोडीस तोड टक्कर देताना दाखवू नका. रस्त्याकडेला सोडून दिलेला दाखवलात तर इतिहासाला धरून होईल.

कानस_पॉलिशपेपर
आता मॉडेलचं. खरी गाडी ४.३८ मीटर लांब, २.०७ रुंद. १/३५ ला लांबी १२५ मिमी आणि रुंदी ५९ मिमी भरली पाहिजे. किट उघडल्यावर आधी पट्टी लावून बघा.

सगळ्यात मोठी चूक जाडीची. १२ मिमी चिलखत १/३५ ला ०.३४ मिमी होतं. किटमधली झाकणं आणि दारं साधारण १ मिमी जाड असतात, म्हणजे खऱ्यात ३५ मिमी. ती ची-हाच्या समोरच्या चिलखतापेक्षाही जाड झाली! झाकण बंद ठेवणार असाल तर कुणाच्या लक्षात येणार नाही. उघडं ठेवायचं असेल तर कडा आतून कानशीने उतरत्या घासा, किंवा ०.३ मिमीच्या प्लास्टिक शीटमधून नवं कापा. मडगार्डच्या कडांनाही हेच करा.

कुशीचा गोल फुगवटा घासताना सांभाळून. आत माणसांना जागा व्हावी म्हणून बाजूचे पत्रे बाहेर फुगवलेले आहेत, आणि त्यावर रिव्हेटच्या रांगा आहेत. जोड साफ करताना पॉलिश पेपरने रिव्हेट उडतात. घासण्याआधी रांगेवर मास्किंग टेप लावा. उडालेच तर स्ट्रेच केलेल्या स्प्रूच्या (किटचे भाग ज्या प्लास्टिकच्या काड्यांना जोडलेले असतात त्या, तापवून ताणलेल्या) चकत्या कापून चिकटवा.

झाकण उघडं ठेवून आतलं दाखवणार असाल तर भिंती नुसत्या पांढऱ्या रंगवू नका. उन्हात तापलेल्या पत्र्याचा चटका आणि डोकं आपटणं, दोन्हीपासून बचाव म्हणून आत अॅस्बेस्टॉसचं अस्तर होतं, पत्र्यापासून थोडी पोकळी सोडून. टिश्यूपेपरवर पातळ गोंद लावून ते छान दिसतं. (कुणाला खऱ्या जुन्या गाडीजवळ जायची संधी मिळाली तर ते अस्तर नखाने खरवडून बघण्याचा मोह टाळा.)

रंग: संग्रहालयातला रंग पुरावा धरू नका, उघड्यावरच्या गाड्या पुन्हा पुन्हा रंगवल्या जातात. १९४४ साठी मातकट तपकिरी, गवती हिरवा आणि सुक्या गवताचा खाकी, मोठे वेडेवाकडे ठिपके. नेटवर पिवळ्या पट्ट्यांचे जे हा-गो दिसतात ती आधीची पद्धत, १९४२ च्या सुमारास ती बंद झाली. पुढच्या पत्र्यावर लष्कराचा पाचकोनी तारा चालेल. जहाजाच्या नांगराचं चिन्ह मात्र रंगवू नका, ते नौदलाच्या तुकड्यांचं.

पट्टेदार_नगरी
भारी, धन्यवाद सगळ्यांना. चाकं मोजली, चार आहेत, म्हणजे फोटोतला हा-गोच. एक शेवटचं: सायलेन्सर कुठल्या बाजूला? किटच्या कागदावर उजवीकडे दाखवलाय, एका फोटोत डावीकडे दिसतोय.

बेलक्रँक
उजवीकडे, मागच्या भागात, वरून जाळीचं आवरण. फोटो आरशासारखा उलटा छापलेला असणार. त्याच फोटोत बुरूज उजवीकडे सरकलेला आणि पुढची मशीनगनही उजवीकडे दिसत असेल तर नक्कीच उलटा आहे. जाळी किटमध्ये भरीव प्लास्टिकची येते. ती कापून चहाच्या गाळणीची बारीक जाळी लावा, आणि लावण्याआधी सायलेन्सर गंजाच्या रंगात रंगवून घ्या, नंतर ब्रश आत जात नाही.