'मिसेस गूल्ड्स सनबर्ड'ला मराठीत काय म्हणायचं?

रानवाट:
एप्रिलमध्ये आमचा गट उत्तराखंडात चोपत्याला गेला होता. बुरांश (ऱ्होडोडेंड्रॉन) फुलला होता. एका लालभडक झुबक्यावर हा पक्षी उलटा लटकून मध पीत होता, कपाळाला पराग माखलेले. डोकं आधी काळंच वाटलं. जरा मान वळवली आणि निळं-जांभळं झळाळलं. पाठ किरमिजी, पोट पिवळंधमक, शेपटी लांब आणि निळी. आता गटाच्या पुस्तिकेत लिहितेय आणि नावापाशीच अडलेय. मी 'गूल्डचा शिंजीर' लिहिलं होतं. मुद्रितं तपासणाऱ्या काकांनी त्याचं 'गोल्डचा सूर्यपक्षी' केलं. मैत्रिणीने वाचून विचारलं, सोनेरी असतो का गं? आणि दोन्हींत 'मिसेस' गळाली ती गळालीच. काय लिहू?

उंबरसावली:
शिंजीर अजिबात सोडू नका. 'सूर्यपक्षी' हा 'सनबर्ड'चा शब्दशः तर्जुमा आहे, आपल्या कुठल्या आजीने तो कधी वापरला नाही. संस्कृतात शिंजित म्हणजे पैंजणांची रुणझुण. त्या किणकिणत्या आवाजावरूनच शिंजीर आला असणार, असं मला पक्कं वाटतं.

दवबिंदू:
व्युत्पत्ती गोड आहे, पण शिंजिनी म्हणजे धनुष्याची दोरी. मग चोच धनुष्यासारखी वाकडी म्हणून शिंजीर, असंही कुणी म्हणेल. आमच्या गच्चीवरचा तर चिरचिरतो, रुणझुण कुठली! मी चौथीला शिकवते. शिंजीर म्हटलं की मुलं 'अंजीर?' विचारतात, सूर्यपक्षी म्हटलं की खिडकीकडे धावतात. तर्जुमा म्हणून शब्द टाकायचा तर 'दूरदर्शन'ही टाका.

उंबरसावली:
दूरदर्शनला आधीचा शब्द नव्हता. इथे आहे. असलेला शब्द मुलांना शिकवायचा की काढून टाकायचा?

षष्ठीतत्पुरुष:
रानवाटताई, तुमची खरी अडचण 'मिसेस'ची आहे आणि ती व्याकरणातली आहे. शास्त्रीय नाव 'एथोपायगा गूल्डिई'. त्यातला शेवटचा प्रत्यय स्त्रीलिंगी षष्ठीचा, म्हणजे लॅटिनमध्ये 'मिसेस' न लिहिताही बाई कळते. आपला 'चा' मात्र ज्याची वस्तू त्याचं लिंग सांगतच नाही, वस्तूचं सांगतो. 'गूल्डचा शिंजीर' म्हटलं की कुणालाही पक्षितज्ज्ञ जॉन गूल्डच आठवणार. हिमालयातल्या पक्ष्यांवरच्या त्याच्या ग्रंथातली चित्रं काढली त्याच्या बायकोने, एलिझाबेथने. हिमालय न बघता, तिकडून आलेली पक्ष्यांची कातडी समोर ठेवून! १८४१ मध्ये आठव्या बाळंतपणानंतर ती गेली, चाळिशीही गाठली नव्हती. तिचं नाव आपल्या प्रत्ययाने पुसलं जाऊ नये. मी 'एलिझाबेथचा शिंजीर' लिहीन.

दवबिंदू:
एलिझाबेथ म्हटलं की लोकांना राणी आठवेल. 'गूल्डबाईंचा' लिहा. 'बाई' आपला शब्द आहे, आदरार्थीही होतो.

घाटमाथा:
एक दुवा देतो. गूल्डबाईंच्या पक्ष्याला १८३१ मध्ये नाव दिलं प्राणिशास्त्रज्ञ निकोलस व्हिगॉर्सने. दख्खनमध्ये नोकरी केलेल्या कर्नल साइक्सने पुढच्याच वर्षी आपल्या सह्याद्रीतल्या एका पक्ष्याला या व्हिगॉर्सचं नाव दिलं. तोही एथोपायगाच, चोपत्याच्या पक्ष्याचा सख्खा भाऊबंद. कर्नाळ्याला मी पाहिलाय: लाल गळा, त्यावर बारीक पिवळ्या रेघा. त्याला आपण 'व्हिगॉर्सचा सूर्यपक्षी' म्हणतो आणि कुणाची तक्रार नसते. मला मात्र दोन्ही नावं खुपतात. घाटातल्या पक्ष्याला साहेबाचं नाव कशाला? रंगावरून ठेवा.

षष्ठीतत्पुरुष:
रंगावरून ठेवलं की तिथेही बाई गेली. ते सगळे रंग नराचे. मादी मळकट हिरवी.

उंबरसावली:
आणि त्या मादीला काय म्हणायचं? शिंजिरीण? मी लहानपणी 'शिंजीर बसली' असंच ऐकलंय.

घाटमाथा:
शिंजीर पुल्लिंगीच. 'शिंजीर बसला'.

उंबरसावली:
आमच्याकडे नाही.

पडवी:
आमच्याकडे तर शिंजीर नाही, सूर्यपक्षीही नाही, फुलचुखीच. आमच्या पडवीत कपडे वाळत घालायच्या तारेला तिने घरटं टांगलं होतं, कोळ्याच्या जाळ्याने बांधलेलं, बाहेरून काड्या, सालपटं आणि अळ्यांची विष्ठा चिकटवलेली. लांबून कचऱ्याचा लोंबता पुंजका वाटावा. दाराला पुढे आलेली छोटी वळचणसुद्धा होती. आई तीन आठवडे त्या तारेवर कपडे घालू देत नव्हती. 'फुलचुखीचं घर आहे, हात लावू नका.' ताई, 'गूल्डबाईंची फुलचुखी' का नाही चालणार? निदान शब्द तरी स्त्रीलिंगी.

घाटमाथा:
फुलचुखी म्हणजे फुलटोच्या ना? तो वेगळा पक्षी, आखूड चोचीचा, बांडगुळाची फळं खाणारा.

पडवी:
मुळीच नाही. तारेवरची वाकड्या चोचीची होती, मी रोज बघत होते.

दवबिंदू:
आमच्या भागात दोघांनाही फुलचुखीच म्हणतात.

रानवाट:
पुस्तिका सोमवारी छापायला जातेय. शिंजीर की फुलचुखी, तेवढं तरी सांगा!

उंबरसावली:
शिंजीर. पण 'बुरांश' का लिहिलंय? त्याला मराठी शब्द नाही का?