मदत हवी आहे: आतोबांचा अपघाती मृत्यू, पाच लाख घेऊन सही करावी का?

नमस्कार मंडळी. जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

माझे आतोबा गवंडीकाम करायचे, वय ३८. चाकणजवळच्या साइटवरून मोटरसायकलवर परतताना टेम्पोने मागून उडवलं, दुसऱ्या दिवशी गेले. पाच महिने होत आले. टेम्पोवाल्यावर गुन्हा दाखल आहे, गाडीचा विमा चालू होता. आत्या बीड जिल्ह्यात गावी आहे, पदरी दोन मुलं आणि म्हातारी सासू.

गेल्या आठवड्यात एक गृहस्थ घरी आले. "कंपनीत ओळख आहे, पाच लाख लगेच सुटतील, कोर्टात गेलात तर मुलं म्हातारी होतील." त्यांच्या वकिलाला २५ टक्के द्यायचे. कोरा वकीलनामा ठेवून गेलेत. आत्या म्हणते, मिळतंय ते घेऊ या. शाळेची फी तोंडावर आलीय, तिचंही चुकत नाही.

पाच लाख हाच आकडा असतो का? आतोबांची रोजंदारी होती, पगारपत्रक कुठून आणू? आणि केस पुण्यालाच करावी लागते का? दर तारखेला एवढा प्रवास तिला झेपणार नाही.

चपलाझिजवे:
वकील नाही, पण धाकट्या भावाच्या केसमागे तीन वर्षं काढलीत. सही करू नका.

ते पाच लाख मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ चे. चूक कोणाची हे सिद्ध न करता मिळतात, खोटं नाही ते. पण ते स्वीकारले की कलम १६६ चा, म्हणजे समोरच्याची चूक दाखवून पूर्ण भरपाई मागायचा दावा संपला. गृहस्थांनी हे सांगितलं नसणार. तुमच्याकडे मागून धडक आहे, टेम्पोवाल्यावर गुन्हा आहे. १६६ च धरा.

हिशेबाची पद्धत सर्वोच्च न्यायालयाने सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७) या निकालांत घालून दिलीय. समजा महिना १५,००० सिद्ध झाले. वर्षाचे १,८०,०००. चाळिशीच्या आतला, कायम नोकरी नसलेला माणूस, म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के धरून २,५२,०००. अवलंबून चौघं, त्यामुळे आतोबांच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा: १,८९,०००. याला वयावरून ठरलेल्या गुणकाने गुणायचं, ३८ ला तो १५. झाले २८,३५,०००. अंत्यविधी, सहवास गमावल्याची भरपाई वगैरे वेगळं, वर व्याज. आता पाच लाखांशी ताडून बघा.

घाई मात्र करा. १ एप्रिल २०२२ पासून दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे. त्या तरतुदीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलंय, पण त्या भरवशावर बसू नका. फौजदारी केसच्या निकालाचीही वाट पाहायची नसते. आत्या राहते तिथल्या, म्हणजे बीडच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा चालतो. एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, पीएम (शवविच्छेदन) रिपोर्ट, टेम्पोची विमा पॉलिसी आणि चालकाचं लायसन्स यांच्या प्रती पोलिसांकडून घ्या.

कमाईचं म्हणाल तर ठेकेदाराला साक्षीला आणा. बँकेत किंवा फोनवर पैसे यायचे का? एकेक नोंद काढा. आमची केस याच मुद्द्यावर लंगडी पडली.

काळाकोट:
एवढंच जोडतो. निकालातल्या रकमेवर टक्केवारीने फी ठरवणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. आणि महिलांना उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. बीडच्या जिल्हा न्यायालयातच त्यांचं ऑफिस आहे, आत्यांना आधार कार्ड घेऊन पाठवा. पुढे लोकअदालतीत तडजोडीचा प्रस्ताव आला तर आकडा नीट पाहूनच हो म्हणा, त्यावर अपील नसतं.

धागाकर्ता:
दोघांचे खूप आभार. आत्याला फोनवर हिशेब वाचून दाखवला, दोनदा परत सांगायला लावला. सोमवारी बीडला जातोय.

आतोबांच्या पिशवीत ओळंब्याखाली एक खिशातली डायरी सापडली. रोजची हजेरी, कुठे "अर्धा", आणि लाल पेनने "उचल ५००", "उचल २,०००". शेवटची हजेरी अपघाताच्या दिवशीचीच. ठेकेदाराची सही दर शनिवारी आहे. या उचली कमाईतून वजा कराव्या लागतील का?

चपलाझिजवे:
अजिबात नाही. उचल म्हणजे मजुरीतलेच आधी घेतलेले पैसे. आणि मूळ डायरी कोणाच्याही हातात देऊ नका, झेरॉक्स द्या.