बर्डीवरचे ठेले : अतिक्रमण की हक्काचा धंदा?

पायदळ_बर्डी
नागपूरच्या सीताबर्डीत, म्हणजे आपल्या बर्डीत, मेन रोडवर महापालिकेच्या अतिक्रमण पथकाची गाडी आली की दहा मिनिटं रस्ता मोकळा, गाडी चौकातून वळली की सगळे ठेले जसेच्या तसे परत. लहानपणापासून हेच पाहून राहिलो. लोक म्हणतात अतिक्रमण आहे, उचला. माझं म्हणणं असं की उचलणंच कायद्यात बसत नाही. २०१४ चा पथविक्रेता कायदा आहे ना, त्याच्या कलम ३ मध्ये लिहून आहे, विक्रेत्यांचं सर्वेक्षण पूर्ण होऊन त्यांच्या हाती विक्रीचं प्रमाणपत्र पडेपर्यंत कोणाला हटवता येत नाही. परवाना नाही म्हणून गाडी उचलता, पण परवाना द्यायचं काम कोणाचं? मुंबईत नगर पथविक्रेता समितीची, म्हणजे या कायद्याखाली ठेल्यांचं ठरवणाऱ्या समितीची, निवडणूक २०२४ मध्ये झाली, म्हणजे कायदा येऊन दहा वर्षं उलटल्यावर. आधी यादी करा मग बोला.

शटरवाला
तुमाले बोलाले सोपं आहे भाऊ. आमचं दुकान बर्डीवर वडिलांपासून आहे. प्रॉपर्टी टॅक्स आम्ही भरतो, जीएसटी आम्ही भरतो, लाइट बिल कमर्शियल, अन् जो टी-शर्ट आत लावलेला आहे तोच बाहेर शटरपुढे ढीग लावून अर्ध्या भावात. गिऱ्हाईकाले आत याले जागा नाही, दिवाळीत तर आमच्याच पायरीवर हँगर लटकवतात. आणि सगळे गरीब आहेत हे डोक्यातून काढा, एकेकाचे चार-चार ठेले आहेत, पोरं रोजीवर ठेवलेली.

पायदळ_बर्डी
चार ठेलेवाल्याचं मान्य, पण त्याचं उत्तरही त्याच कायद्यात आहे. धंदा स्वतः नाहीतर घरच्या माणसानं करायचा, जागा भाड्यानं देता येत नाही, दिली तर प्रमाणपत्र जातं. पण जायला ते आधी मिळायला पायजे ना! आणि भाऊ, शटरच्या दोन फूट पुढे कपडे घातलेले पुतळे कोण उभे करतं तेही सांगा. समोरची जागा महिन्याच्या महिन्याला पैसे घेऊन हॉकरला देणारे दुकानदार बर्डीत नाहीतच का?

सायली_धंतोली
तुम्ही दोघं भांडत बसा, चालणाऱ्याचं कोणी बोलूच नका. माझ्या आईचं गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, तिला घेऊन मेट्रो स्टेशनवरून मार्केटमध्ये जायचं म्हणजे फुटपाथवर चपला-पर्सेस, खाली उतरलं की ऑटो आणि बाइक. विकणाऱ्याला पोटाचा हक्क आहे मान्य, पण २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टानंच म्हटलंय की चालण्याजोगा मोकळा फुटपाथ हा राज्यघटनेच्या कलम २१ खालचा, म्हणजे जगण्याच्या हक्कातला, हक्क आहे. त्याचं सर्वेक्षण करणार का कोणी?

काळा_कोट
थोडं कायद्याचं. सोदान सिंग खटल्यात १९८९ लाच सुप्रीम कोर्टानं सांगितलं की रस्त्यावर विकणं हा राज्यघटनेच्या १९(१)(छ) खालचा व्यवसायाचा हक्क आहे, पण अमुकच जागा पाहिजे असा हक्क नाही. तेव्हा "आम्ही बर्डीवरच बसू" हे हक्क म्हणून चालत नाही. मात्र दुकानदार मंडळींना न आवडणारी गोष्ट पथविक्रेता कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. सर्वेक्षणात नैसर्गिक बाजार (जिथं विकणारे-घेणारे पूर्वीपासून आपसूक जमतात) म्हणून निघालेली जागा ना-विक्री क्षेत्र, म्हणजे विक्रीला बंदी असलेली जागा, करता येत नाही आणि नुसती गर्दी होते हे कारण तर चालतच नाही. गर्दी असेल तर नवीन लोकांना प्रमाणपत्र देण्यावर बंधन घाला, आधीपासून बसलेल्यांना नाही. आणि सर्वेक्षण व पथविक्रीचा आराखडा होईपर्यंत कुठलीच जागा ना-विक्री क्षेत्र जाहीर करता येत नाही.

शटरवाला
गर्दी हे कारण नाही?? मग काय भूकंप व्हावा लागतो काय? त्याच कायद्यात लोकसंख्येच्या अडीच टक्के विक्रेते सामावून घ्या असंही आहे ना. २०११ च्या जनगणनेत नागपूर २४ लाख, म्हणजे ६० हजार ठेले. कुठं ठेवता सांगा, अंबाझरी तलावात?

काळा_कोट
अडीच टक्के ही वरची मर्यादा आहे, टार्गेट नाही. प्रत्यक्षात जेवढे सापडतील तेवढेच, आणि ते पूर्ण शहरात, एकट्या बर्डीत नाही. बुधवारी, गोकुळपेठ, सक्करदरा, सगळे बाजार धरून.

ठेलेवाल्याचा_पोरगा
मी सांगतो आता. आमचा फळाचा ठेला आहे, बर्डीत नाही, दुसरीकडं, बाबा अन् मी मिळून करतो. २०२० मध्ये पीएम स्वनिधी ही सरकारची ठेलेवाल्यांसाठीची कर्ज योजना आली, तिच्यात बँकेनं १० हजार कर्ज देल्लं, वेळेवर फेडलं तं २० हजार देल्ले. म्हणजे कर्ज देतानी आम्ही पथविक्रेता अन् गाडी उचलतानी अतिक्रमण. मागच्या हिवाळ्यात पथकानं ठेला उचलला, वर संत्रे होते, काटा होता, छत्री होती. कागद काहीच नाही देल्ला. तिसऱ्या दिवशी ठेला सुटला, काटा गायब, खालचे संत्रे नुसते पिचलेले. दंड भरला तो वेगळाच. मॅडम, तुमच्या आईले त्रास होते हे मले समजते, आमच्याकडं फुटपाथच नाही म्हणून आम्ही रोडच्या कडंले बसतो, तिथूनही उठवतात.

काळा_कोट
दादा, पुढच्या वेळी उचलतानाच जप्तीची यादी मागा, पथविक्रेता कायद्याच्या कलम १९ प्रमाणे ती द्यावीच लागते. नाशवंत माल मागणी केली त्याच दिवशी सोडायचा असतो, बाकीचा दोन कामकाजाच्या दिवसांत. यादी देत नसतील तर मोबाइलवर व्हिडिओ काढा, गाडीचा नंबर येईल असा.

ठेलेवाल्याचा_पोरगा
व्हिडिओ काढला तं मोबाइल हिसकतात साहेब. पण काढतो.

सायली_धंतोली
फळवाल्याचं वाचून वाईट वाटलं, खरंच. तरी मी मागे हटणार नाही, फुटपाथवर दोन माणसं शेजारी चालतील एवढी जागा सुटलीच पाहिजे, मग पुतळे असोत की ठेले.

शटरवाला
माझंही तेच आहे. चुन्यानं आखून द्या, नंबर टाका, ज्याच्याकडं प्रमाणपत्र त्यानंच बसायचं. माझ्या दुकानापुढं एक नंबर आला तरी मी बोंबलणार नाही.

पायदळ_बर्डी
लिहून देता का? आणि आखणी होईपर्यंत काय?

शटरवाला
तोपर्यंत पुतळे मी आत घेतो, तुम्ही ठेलेवाल्यांना माझ्या पायरीवरून उठायले सांगा.