मदत हवी आहे: ‘सर्बोफोबिया’ मराठीत कसं लिहावं?

बाल्कन इतिहासाच्या अनुवादासाठी विचारतोय. ‘सर्बद्वेष’ बरा वाटतो. ‘सर्बियाविरोध’ नको, कारण १९९० च्या दशकात सर्बियाची राजधानी बेलग्रेड इथल्या सरकारवर झालेली टीका वेगळी आणि क्रोएशिया-बोस्नियातल्या सर्बांचा तिरस्कार वेगळा.

खरी अडचण शिव्यांची आहे. ‘व्लाह’ म्हणून क्रोएशिया-बोस्नियातल्या सर्बांना हिणवतात, पण पूर्व सर्बियात व्लाह हा स्वतंत्र समाजच आहे. ‘चेतनिक’ हे दुसऱ्या महायुद्धात राजनिष्ठ सर्ब सेनानी मिहाइलोविचचे सैनिक. पुढे तीच सरसकट सर्बांना शिवी झाली. म्हणजे शब्दकोशातला अर्थ संदर्भ पाहिल्याशिवाय लावला की घात!

आणि १९१४ ची सर्बविरोधी घोषणा ‘स्र्बे ना व्र्बे’, म्हणजे सर्बांना वाळुंजाच्या झाडावर लटकवा. सगळा जोर यमकावर. मूळ शब्द ठेवून तळटीप द्यावी, की मराठीत यमक जुळवावं? कुणाला सुचतंय का?