'ज्याने वापरावं त्याने भरावं' म्हणणाऱ्या तळमजल्यावाल्यांना

जिनाचढू: परवा एका सभासदाने लिहिलं, 'मी तळमजल्यावर राहतो, लिफ्टमध्ये पाय ठेवत नाही. ज्याने वापरावं त्याने भरावं.' त्याला भरपूर दुजोरा मिळाला, म्हणून वेगळा धागा काढतोय. फ्लॅट घेतला तेव्हा जिना, गच्ची, पंप, लिफ्ट या सगळ्यातला अविभक्त हिस्साही घेतलात ना? १९७० चा महाराष्ट्र अपार्टमेंट ओनरशिप कायदा सांगतो, सामाईक सोय वापरत नाही म्हणून वर्गणी चुकत नाही. सोसायट्यांसाठी सरकारने नमुना म्हणून दिलेल्या नियमांत, म्हणजे आदर्श उपविधींतही, लिफ्टचा खर्च त्या इमारतीतल्या सगळ्यांना सारखा, वापरा की नका वापरू.

अंगणवाला: ते मीच लिहिलं होतं. कायदा मला शिकवू नका, मी न्यायाचं बोलतोय. पावसाळ्यात ड्रेनेजचं चेंबर तुंबलं की झाकण उचलून घाण पाणी माझ्या उंबऱ्यापर्यंत येतं. सगळ्या मजल्यांचं पाणी ते! तेव्हा वरून कोण उतरतं खाली?

गच्चीखालचा: आणि माझ्याकडे? बेडरूमच्या छताचे पोपडे पडतात, पंख्याच्या दांड्यावरून पाणी ठिबकतं, वायरमनने तिथली लाईन बंद ठेवायला सांगितलीय. एजीएममध्ये, म्हणजे वार्षिक सभेत, मला ऐकवलं, 'तुझ्या डोक्यावर गळतंय, तूच कर.' हेच तुमचं 'ज्याने वापरावं'. पावसाने वरच्या मजल्यावर होणारी गळती सोसायटीनेच दुरुस्त करायची असते.

मधलामजला: गच्चीसाठी आम्ही जादा वर्गणी भरली, तोंडातून शब्द काढला नाही. माझ्या वरच्याने बाथरूमच्या टाइल्स बदलल्या, तेव्हापासून माझी भिंत ओली. कमिटी म्हणते आपसात मिटवा. तो दारच उघडत नाही!

गच्चीखालचा: तो सोसायटीचा विषयच नाही. आतल्या नळ-संडासाची गळती त्या सभासदाने स्वखर्चाने थांबवायची. धागा भरकटवू नका.

मधलामजला: तुमचं गळलं की ते सामाईक आणि माझं गळलं की भरकटणं? माझ्या आईच्या खोलीची भिंत आहे ती. तिला दमा आहे.

जुना_खजिनदार: भांडा, पण आधी आपल्या इमारतीची नोंदणी अपार्टमेंट म्हणून आहे की सोसायटी म्हणून, ते बघा. अपार्टमेंटमध्ये खर्च नोंदणीच्या घोषणापत्रात लिहिलेल्या हिस्स्याच्या टक्केवारीने, म्हणजे मोठ्या फ्लॅटला जास्त. सोसायटीत सेवाशुल्क समान, पाणी नळांप्रमाणे, सिंकिंग फंड (मोठ्या दुरुस्तीसाठीची राखीव रक्कम) बांधकाम खर्चाच्या वर्षाला किमान ०.२५ टक्के. हा फंड कमी दाखवून मेंटेनन्स 'स्वस्त' ठेवणाऱ्या कमिट्यांचा मला राग आहे. मी हिशेब बघायचो तेव्हा सगळ्यात मोठी थकबाकी ऐपतदार माणसाची होती. तेव्हाच्या उपविधींनुसार थकबाकीवर २१ टक्क्यांपर्यंत व्याज लागतं म्हटल्यावर चेक आला.

मधलामजला, वरच्याला नोटीस देण्याआधी प्लंबरला डक्टमध्ये, म्हणजे पाईपांच्या उभ्या पोकळीत, उतरवा. उभा पाईप फुटला असेल तर खर्च सोसायटीचा.

मधलामजला: एवढं कमिटीने सांगितलं असतं तर इथे ओरडलो नसतो.

अंगणवाला: बरं, लिफ्टचे पैसे भरतो. पटलं म्हणून नाही, नियम आहे म्हणून. पण मग चेंबरचा उपसाही सगळ्यांचा, आणि पुढच्या एजीएममध्ये तो विषय पहिला घ्या.

जिनाचढू: पहिला घेऊ. पण मागची थकबाकी त्याआधी भरा.

अंगणवाला: आधी चेंबर.