सगळे थ्रीडी अ‍ॅनिमेशनपट सारखेच का दिसतात?

प्रश्न: मोठ्या स्टुडिओचं अ‍ॅनिमेशन म्हटलं की तेच बटाट्याएवढे डोळे, तीच गुळगुळीत कातडी. कलाकारांना कंटाळा येत नाही का?

उत्तर: त्यांच्या हातात कुठे असतं रे ते. १९९५ ला पिक्सार स्टुडिओचा टॉय स्टोरी धो धो चालला आणि हळूहळू सगळेच थ्रीडीकडे पळाले, मग २००६ मध्ये डिस्नेने पिक्सार घेतलं तब्बल ७.४ अब्ज डॉलरला, एवढा पैसा ओतल्यावर रिस्क कोण घेणार, म्हणून सिक्वेलवर सिक्वेल.

दुसरं उत्तर: अगदीच तसं नाही हां. सोनीने २०१८ ला अ‍ॅनिमेटेड स्पायडरमॅनला छापील कॉमिकचा लूक दिला, ऑस्करही मिळालं. मग २०२२ ला ड्रीमवर्क्स स्टुडिओच्या 'पुस इन बूट्स' सिनेमातलं मांजरही हाताने रंगवल्यासारखं दिसायला लागलं.

प्रश्नकर्ता: म्हणजे आता सगळे तसेच दिसणार 😄