रोइंग आणि मेडिकल, दोन्ही जमतं का? भाच्यासाठी विचारतेय

पर्वरीची मावशी
ताईचा मुलगा यंदा बारावीला, नीटचा क्लास चालू आहे आणि त्यात रोइंगचं वेड, 2023 ला नॅशनल गेम्स गोव्यात झाले तेव्हापासून हा सारखा पाण्यावरच. आयर्लंडचा पॉल ओ'डोनोव्हन म्हणून कोणी ऑलिंपिकवाला आहे तो मेडिकल शिकलाय म्हणे, त्याचं नाव दिवसातून चारदा ऐकतो आम्ही. याचं म्हणणं, बांबोळीच्या मेडिकल कॉलेजला ॲडमिशन घेणार, हार्टचा डॉक्टर होणार आणि बोट पण सोडणार नाही. ताई म्हणते एक काय ते धर. त्यात परवा फिटनेस सर्टिफिकेटसाठी ईसीजी काढला, पल्स 46 आणि मशीनने वर छापलंय की हृदयाचा डावा कप्पा जाड असू शकतो. ताईला झोप नाही तेव्हापासून. त्या पॉलचं खरंच तसं आहे का, आणि या रिपोर्टचं काय करायचं? प्लीज सांगा कोणीतरी.

रायबंदरकर
पॉलचं अगदी खरं आहे. स्किबरीन नावाचं गाव, कॉर्क काउंटीत, आपल्या डिचोलीपेक्षाही लहान, तिथल्या रोइंग क्लबातला पोरगा. 2016 ला रिओत भाऊ गॅरीबरोबर सिल्व्हर, रोइंगमधलं आयर्लंडचं पहिलंच ऑलिंपिक मेडल. मग टोकियोत फिंटन मॅकार्थीबरोबर गोल्ड, तिथे सेमीफायनलला 2000 मीटर 6 मिनिटं 5 सेकंदांत मारले, आणि पॅरिसला 2024 मध्ये परत गोल्ड. आणि हे सगळं शिकता शिकता हां! आधी डब्लिनला फिजिओथेरपी, मग कॉर्कला मेडिसिन, टोकियोला गेला तेव्हा तो मेडिकलचा स्टुडंटच होता. पण ताईंना एक सांगा, त्याने आधी एक डिग्री पूर्ण केली आणि मग मेडिकलला गेला, बारावी, नीट आणि नॅशनल लेव्हल असं सगळं एकाच वर्षात नाही मारलं. पोराला म्हणावं नीटची परीक्षा होईपर्यंत बोट आठवड्यातून दोन-तीन सकाळी ठेव, नदी कुठे जात नाही.

बांबोळीची जुनी स्टुडंट
मी फिजिशियन आहे, रिपोर्टचं मी सांगते. रोइंग हा हृदयासाठी वेगळाच खेळ आहे, धावण्यासारखा दम लागतो आणि वजन उचलण्यासारखा जोरही. एका रेसमध्ये दोनशेच्या वर वेळा वल्हं ओढायचं, प्रत्येक ओढीला बीपी वर चढतं, म्हणून कप्पा मोठा पण होतो आणि भिंत पण थोडी जाड होते. इटलीत 1991 ला 947 टॉप खेळाडू तपासले होते, भिंत 13 मिलीमीटर किंवा जास्त निघाली फक्त 16 जणांची, त्यातले 15 रोइंग आणि कनूइंगचे! पल्स 46 सुद्धा ट्रेनिंगवाल्या मुलात नेहमी दिसते.

मशीन नुसत्या रेघांच्या उंचीवरून तसं छापतं, आणि बारीक अंगाच्या, फिट मुलाच्या रेघा उंच येतातच. पण म्हणून सोडून द्यायचं नाही, कारण भिंत जाड होण्याचा एक आनुवंशिक आजारही असतो, त्यात खेळताना अचानक जीव जाऊ शकतो. तेव्हा इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, करा, आणि ईसीजी माणसाकडून, म्हणजे कार्डिओलॉजिस्टकडून, वाचून घ्या, टी वेव्ह, म्हणजे ईसीजीतली एक लाट, उलटी आहे का ते त्यांना बघू दे. खेळाने मोठं झालेलं हृदय असेल तर कप्पा ऐसपैस असतो, आजारात बहुतेक वेळा उलट, भिंत जाड आणि कप्पा लहान. तरी शंका राहिली तर काही महिने ट्रेनिंग बंद ठेवून परत इको करतात, खेळाचं असेल तर भिंत उतरते.

आणि भाच्याला पॉलबरोबर आणखी एक नाव द्या, बेलफास्टचे फ्रँक पँट्रिज, हार्टचे डॉक्टर. 1965 ला त्यांनी ॲम्ब्युलन्समधून नेता येणारा डिफिब्रिलेटर, म्हणजे बिघडलेले ठोके शॉक देऊन ताळ्यावर आणणारं मशीन, बनवला, गाडीच्या बॅटरीवर चालणारा, 70 किलोचा. पुढे तो 3 किलोवर आणला. मला तर वाटतं जिथे पोरं बोट घेऊन उतरतात तिथे तसलं मशीन पाहिजेच आणि ते चालवता येणारा माणूस पण.

पर्वरीची मावशी
देव बरें करूं तुम्हा दोघांना. ताईला वाचून दाखवलं, आता जरा बोलायला लागली. इकोची अपॉइंटमेंट घेतो. तोपर्यंत नदीवर पाठवू का?

बांबोळीची जुनी स्टुडंट
इको होईपर्यंत जोराचं ट्रेनिंग नको, चालणं ठीक. आणि त्याला एकट्याला बसवून विचारा, बोट मारताना कधी चक्कर येऊन पडलाय का, छातीत दुखतं का, पोरं घरी सांगत नाहीत. दोन्ही बाजूंच्या घरात कोणी तरुण वयात अचानक गेलं असेल तर तेही डॉक्टरना आपणहून सांगा.